इमर्सन-थोरोवरचा भारतीय प्रभाव: पुराव्यानिशी माग कसा काढायचा

इंग्रजी साहित्याच्या एम.ए.-पीएच.डी.च्या प्रबंधांत एक वाक्य हमखास भेटतं: एकोणिसाव्या शतकातला अमेरिकन निबंधकार इमर्सन याची 'ओव्हर-सोल', म्हणजे सगळ्यांना व्यापणारा एकच आत्मा, ही कल्पना गीतेतल्या परमात्म्यावरून आलेली आहे. वाचायला बरं वाटतं, पण तारखा समोर ठेवल्या की हे विधान उभं राहत नाही. 'ओव्हर-सोल' हा निबंध १८४१ मध्ये 'एसेज'च्या पहिल्या मालेत छापून आला. अख्खी गीता इमर्सनच्या हाती पडली १८४५ मध्ये. त्या जूनमध्ये एलिझाबेथ होअर यांना लिहिलेल्या पत्रात गीता आपल्या गावी, कॉन्कॉर्डला, येऊन पोचल्याचं तो कळवतो, तिला बौद्ध धर्माचा नामांकित ग्रंथ म्हणतो, आणि यातले उतारे पुष्कळदा आवडीनं वाचले असले तरी ग्रंथ आजवर हातात घेतला नव्हता, असंही सांगतो.

म्हणजे १८४१ पूर्वी भारतीय विचार त्याच्यापर्यंत पोचलाच नव्हता असं नाही. व्हिक्टर कुझँ या फ्रेंच तत्त्वज्ञाची व्याख्यानं त्यानं १८३१ च्या सुमारास वाचली होती आणि त्यांत गीतेची चर्चा आहे. पण मग विधान बदलतं. 'गीतेचा प्रभाव' याऐवजी 'कुझँच्या मार्फत पोचलेल्या गीतेच्या सारांशाचा संभव' असं म्हणावं लागतं, आणि त्याच्या शेजारी थॉमस टेलरच्या अनुवादांतून वाचलेल्या प्लोटायनस या प्राचीन तत्त्वज्ञाचाही विचार करावा लागतो. अमेरिकन ट्रान्सेंडेंटलिझमवर, म्हणजे इमर्सन-थोरोच्या विचारप्रवाहावर, काम करणाऱ्या मराठी अभ्यासकाला संस्कृत ग्रंथ जवळचे असतात, हे मोठं बळ आहे. मात्र त्याच ओळखीमुळे साम्य दिसलं की उगम सापडला असं वाटू लागतं. साम्य ही सुरुवात; पुढचं काम माग काढण्याचं.

काम छोटं घ्या. चार ते दहा ओळींचा एकच उतारा निवडा. सेमिनारच्या निबंधाला एक उतारा पुरतो. प्रबंधाच्या एका प्रकरणात पाच-सहाच्या वर जाऊ नका, कारण एकेका उताऱ्याचा माग नीट काढायला आठवडे लागतात. शक्यतो असा उतारा घ्या ज्यात लेखक स्वतः ग्रंथाचं नाव घेतो किंवा अवतरणचिन्हं वापरतो. नुसत्या भावसाम्यावरून सुरुवात केली तर शेवटपर्यंत भावसाम्यच हाती राहतं.

आता एका कागदावर सहा रकाने आखा: उतारा पुस्तकात कधी छापला, त्याआधी व्याख्यानात कधी वाचला, रोजनिशीत कुठल्या तारखेला आहे, ज्या भारतीय ग्रंथाशी तो जोडायचा त्याचा कुठला आणि कधीचा अनुवाद, तो अनुवाद लेखकाच्या हाती कधी आला, आणि कसा आला: विकत, उसना, ग्रंथालयातून की भेट. पाचवा आणि सहावा रकाना भरण्याआधी एक ओळही लिहायला घेऊ नका. बहुतेक चुका तिथंच होतात.

एक ठळक उदाहरण पाहा. थॉमस चमली या इंग्रज मित्रानं इमर्सनचा तरुण सहकारी थोरो याला भारतीय ग्रंथांचे ४४ खंड भेट पाठवले. मोठी देणगी होती आणि तिचा उल्लेख सगळीकडे येतो, म्हणून 'वॉल्डन' या त्याच्या वॉल्डन तळ्याकाठच्या मुक्कामावरच्या पुस्तकातली भारतीय अवतरणं याच पेटीतून आली असं सर्रास लिहिलं जातं. पेटी पोचली नोव्हेंबर १८५५ च्या अखेरीस. 'वॉल्डन' बोस्टनच्या टिकनॉर अँड फील्ड्सनं ९ ऑगस्ट १८५४ ला प्रसिद्ध केलं होतं. पंधरा महिन्यांचं हे अंतर पाचव्या रकान्यात आपोआप दिसतं. 'वॉल्डन'साठी थोरोनं जे वाचलं ते इमर्सनच्या घरच्या कपाटातलं आणि हार्वर्डच्या ग्रंथालयातून आणलेलं होतं. कुठलं पुस्तक कधी नेलं याच्या नोंदी आहेत, आणि रॉबर्ट सॅटलमायर यांनी १९८८ मध्ये केलेली थोरोच्या वाचनाची सूची हातात असल्याशिवाय हा रकाना भरू नये. इमर्सनसाठी केनेथ वॉल्टर कॅमेरॉन यांचं वाचन-नोंदींवरचं काम आणि वॉल्टर हार्डिंग यांनी केलेली इमर्सनच्या ग्रंथसंग्रहाची यादी वापरा. यादीत नाव आहे म्हणजे पुस्तक वाचलं असं होत नाही, आणि नाव नाही म्हणजे वाचलं नाही असंही होत नाही. यादी तारखेची एक बाजू देते, एवढंच.

यानंतर येतो आवृत्तीचा प्रश्न. इथं घाई केली तर पुढचं सगळं काम फुकट जातं.

थोरोची रोजनिशी २२ ऑक्टोबर १८३७ पासून १८६१ पर्यंत चालते. हस्तलिखित वह्या न्यूयॉर्कच्या मॉर्गन लायब्ररीत 'एमए १३०२' या क्रमांकाखाली आहेत. छापील रूपं मुख्यतः दोन. १९०६ ची १४ खंडांची आवृत्ती ब्रॅडफर्ड टॉरी आणि फ्रान्सिस ॲलन यांची. ती इंटरनेटवर फुकट मिळते, म्हणून सगळे तीच उघडतात. पण थोरोनं इतर पुस्तकांतून उतरवून घेतलेले आणि ज्यांवर स्वतः काही लिहिलं नाही असे लांब उतारे संपादकांनी त्यातून गाळले. उगम शोधणाऱ्याला नेमके तेच हवे असतात! त्यामुळे १९०६ च्या आवृत्तीत काही सापडलं नाही, तर 'थोरोनं हे कधी नोंदवलंच नाही' असा निष्कर्ष काढता येत नाही. त्याऐवजी प्रिन्स्टनची आवृत्ती घ्या. तिचे रोजनिशीचे आठ छापील खंड १८५४ पर्यंत येतात, म्हणजे 'वॉल्डन'साठी लागणारा सगळा काळ त्यात बसतो. त्यापुढच्या वह्यांचं लिप्यंतर थोरो एडिशनच्या संकेतस्थळावर आहे. हा प्रकल्प सांता बार्बरा इथल्या कॅलिफोर्निया विद्यापीठात चालतो.

खंडक्रमांक लिहिताना एक घोळ नेहमी होतो. १९०६ च्या वीस खंडी समग्र साहित्यात रोजनिशीचा पहिला खंड हा संचाचा सातवा खंड आहे. त्यामुळे एकाच पुस्तकावर दोन क्रमांक पडतात, आणि मूळ वह्यांचे क्रमांक आणखी वेगळे. उपाय सोपा: खंड-पृष्ठाच्या आधी नेहमी नोंदीची तारीख लिहा. तारीख असेल तर वाचक कुठल्याही आवृत्तीत ती जागा काढू शकतो.

सुरुवातीच्या वह्यांत तारखेवरही डोळे झाकून विसंबू नये. १८४१ मध्ये थोरोनं आधीच्या वह्यांतलं निवडक पुन्हा उतरवून काढलं, तेव्हा तारीख जुनी असली तरी समोरचा मजकूर नंतरचा असू शकतो. आणि तळ्याकाठच्या दिवसांतल्या, म्हणजे ४ जुलै १८४५ ते ६ सप्टेंबर १८४७ या काळातल्या वह्यांतून त्यानं स्वतःच पानं काढून पुस्तकांच्या खर्ड्यांत वापरली. तिथल्या रिकाम्या जागांवरून काहीही सिद्ध होत नाही.

'वॉल्डन'चे खर्डे कॅलिफोर्नियातल्या हंटिंग्टन लायब्ररीत आहेत, क्रमांक 'एचएम ९२४'. जे. लिंडन शॅन्ली यांनी १९५७ मध्ये कागद, शाई आणि हस्ताक्षर यांवरून या सहाशेहून अधिक पानांची सात टप्प्यांत लावणी केली. त्या टप्प्यांना आज ए ते जी अशी अक्षरं दिली जातात. पहिला खर्डा तळ्याकाठीच तयार झाला, पुढचे दोन १८४८-४९ मधले, उरलेले १८५२ ते १८५४ मधले. 'डिजिटल थोरो' या संकेतस्थळावर कुठलं वाक्य कुठल्या टप्प्यात आलं हे ओळीनुसार पाहता येतं. निवडलेलं अवतरण ए मध्ये आहे की एफ मध्ये, यावर विधानाचा रोख बदलतो. पहिल्या खर्ड्यातलं अवतरण तळ्याकाठच्या वाचनाशी जोडता येईल. १८५२ नंतर आलेलं असेल तर तो विचार घडवणारा ग्रंथ होता की आधीच तयार झालेल्या विचाराला मागाहून जोडलेला दाखला होता, हे विचारावं लागेल.

इमर्सनची पद्धत वेगळी. त्याचा मजकूर रोजनिशीतून व्याख्यानात आणि व्याख्यानातून निबंधात जातो, आणि तिन्ही ठिकाणी संदर्भ बदलतो. म्हणून निबंधातलं वाक्य रोजनिशीत सापडलं की आजूबाजूची दोन-तीन पानं पूर्ण वाचा. तो त्या आठवड्यात काय वाचत होता हे तिथंच कळतं. यासाठी हार्वर्डनं १९६० ते १९८२ या काळात काढलेले रोजनिशी आणि वह्यांचे १६ खंड वापरा. त्याच्या मुलानं आणि नातवानं संपादित केलेली १९०९-१४ ची दहा खंडांची जुनी आवृत्ती निवडक आहे आणि तिच्यावर संपादकांचा हात फिरलेला आहे. हार्वर्डच्या खंडांत खोडलेला मजकूर टोकदार कंसांत आणि मागाहून घातलेला मजकूर वर-खाली बाणांच्या मध्ये येतो. काही परिच्छेदांवर इमर्सननं उभी रेघ मारलेली असते आणि संपादक तळटिपेत तशी नोंद करतात. नवखा वाचक ती रेघ पाहून परिच्छेद रद्द केला असं समजतो. प्रत्यक्षात ती 'हा मजकूर वापरून झाला' अशी खूण आहे, म्हणजे तुमच्या मागावरचा पुढचा टप्पा दाखवणारी. भारतीय वाचनासाठी त्याची 'ओरिएंटलिस्ट' नावाची वेगळी वहीच आहे. ती 'टॉपिकल नोटबुक्स'च्या संचात छापलेली आहे.

आता एक उदाहरण शेवटपर्यंत नेऊ. इमर्सनची 'ब्रह्म' ही कविता 'अटलांटिक मंथली'च्या नोव्हेंबर १८५७ च्या अंकात आली. पहिल्या दोन ओळींचा अर्थ असा: रक्तानं माखलेला मारणारा जर समजत असेल की मी मारतो, किंवा मेलेला जर समजत असेल की मी मेलो. मराठी वाचकाच्या ओठांवर लगेच गीतेचा दुसऱ्या अध्यायातला एकोणिसावा श्लोक येतो: 'य एनं वेत्ति हन्तारं यश्चैनं मन्यते हतम्'. आणि बहुतेक जण इथंच थांबतात.

थांबू नका. तोच विचार कठोपनिषदात दुसऱ्या वल्लीत आहे: 'हन्ता चेन्मन्यते हन्तुं हतश्चेन्मन्यते हतम्'. दोन्ही ओळी एकाखाली एक लिहा. गीतेत 'यः' आहे, म्हणजे 'जो असं समजतो तो'. कठात 'चेत्' आहे, म्हणजे 'जर'. आता इमर्सननं वाचलेले अनुवाद शेजारी ठेवा. चार्ल्स विल्किन्सच्या १७८५ च्या गीतेत वाक्याची सुरुवात 'जो मनुष्य असं मानतो' अशी होते आणि मारणारा-मेलेला अशी समोरासमोर जोडी उरत नाही. कलकत्त्याच्या 'बिब्लिओथिका इंडिका' मालेत १८५३ मध्ये निघालेल्या रोअरच्या कठोपनिषदात 'जर मारणारा समजेल', 'जर मेलेला समजेल' अशी रचना आहे. कवितेतही दोन 'जर' आणि तीच जोडी. हार्वर्डच्या रोजनिशीचा चौदावा खंड उघडला की १८५६ च्या नोंदींत रोअरच्या कठातून उतरवलेली टिपणं आणि कवितेचा आधीचा खर्डा दोन्ही भेटतात. तेव्हा तिचं नाव 'साँग ऑफ द सोल' होतं. तारीख, प्रत आणि शब्दरचना अशा तिन्ही गोष्टी जुळल्या. गीता इमर्सनला तोवर चांगली माहीत होती, तेव्हा ती मनात नव्हती असं कुणी म्हणू शकणार नाही; पण या दोन ओळींचा साचा कठातून आला हे पुराव्यानं सांगता येतं. मूळ संस्कृत वाचता येणाऱ्याला 'यः' आणि 'चेत्' यांतला फरक चटकन दिसतो, आणि इथं आपल्याकडच्या अभ्यासकाला खरोखर काही नवं देता येतं.

शोधताना लिपीच्या आणि स्पेलिंगच्या अडचणी येतात, त्या आधीच माहीत असू द्या. १७८५ च्या छापील गीतेत लांब एस, म्हणजे 'एफ'सारखा दिसणारा जुना 'एस', आहे. संगणकानं ओळखलेल्या मजकुरात तो सर्रास 'एफ' होतो. 'सोल' शोधलं तर काही सापडत नाही, 'फाउल' शोधलं की पानं निघतात. नावांची स्पेलिंगं आजची टाकू नका. विल्किन्सचा कृष्ण डबल 'ई'चा आहे, मनुस्मृतीचा अनुवादक विल्यम जोन्स याचा मनु 'मेन्यू'सारखा लिहिलेला आहे, 'डायल' या इमर्सनच्या मंडळींच्या त्रैमासिकात विष्णुशर्मा डबल 'ई' आणि डबल 'ओ' घालून येतो. ही स्पेलिंगं नीट टिपून ठेवा. लेखकानं जशीच्या तशी उचललेली असतील तर अनुवाद कुठला हे त्यावरूनच ओळखता येतं. विल्किन्सच्या गद्य अनुवादात श्लोकांना क्रमांक नाहीत. थोरोच्या अवतरणापुढे आजच्या गीतेतला अध्याय-श्लोक लिहायचा असेल तर विल्किन्सचं पृष्ठ आधी द्या आणि श्लोकांक हा तुमचा ताळा आहे हे स्पष्ट करा.

'डायल' त्रैमासिकाचे जुलै १८४० ते एप्रिल १८४४ या काळात १६ अंक निघाले, आधी मार्गारेट फुलर आणि नंतर इमर्सन संपादक होते. जुलै १८४२ पासून त्यात 'एथ्निकल स्क्रिप्चर्स' या नावाखाली पौर्वात्य ग्रंथांतले उतारे येऊ लागले. जानेवारी १८४३ मधली मनुस्मृतीची निवड थोरोची आहे. या उताऱ्यांत काय घेतलं यापेक्षा काय सोडलं ते पाहा. मूळ अनुवाद शेजारी ठेवून गाळलेल्या वचनांना खुणा केल्या की निवड करणाऱ्याचा कल दिसू लागतो. हे काम दोन बैठकांत होण्यासारखं आहे, आणि सुरुवातीला हात बसवायला याहून चांगलं काही नाही.

सरावासाठी दुसरा उतारा: 'वॉल्डन'मधल्या हिवाळी पाहुण्यांच्या प्रकरणाच्या शेवटी थोरो विष्णुपुराणाचं वचन देतो. गृहस्थानं सांजवेळी अंगणात गाईची धार काढायला लागतो तेवढा वेळ, किंवा हवा तर अधिक, अतिथीची वाट पाहत थांबावं. अनुवाद होरेस हेमन विल्सनचा, १८४० चा. जागा तिसऱ्या अंशातला अकरावा अध्याय. 'गोदोह' हे कालमाप आपल्याला परकं नाही, त्यामुळे मूळ श्लोक काढणं अवघड जाणार नाही. मग तीन गोष्टी तपासा: मूळ श्लोकात सांजवेळ आहे की ती विल्सननं घातली, थोरोनं विल्सनचा एखादा शब्द गाळला का, आणि हे वचन 'वॉल्डन'च्या कितव्या खर्ड्यात पहिल्यांदा आलं. यानंतर सामवेदाचा १८४२ चा इंग्रजी अनुवाद घेऊन 'वॉल्डन'मधल्या वेदवचनांचा असाच ताळा करा. अनुवादक जॉन स्टीव्हन्सन हे मुंबईतले मिशनरी, १८३३ मध्ये मराठीचं व्याकरण लिहिणारे. मुंबईची एशियाटिक सोसायटी आणि पुण्याची भांडारकर संस्था इथं अशी जुनी छापील पुस्तकं पाहायला मिळू शकतात. जाण्याआधी सूचीत आवृत्तीचं वर्ष तपासा, कारण विल्सनचं विष्णुपुराण पुढे फिट्झेडवर्ड हॉलच्या टिपांसह पुन्हा निघालं आणि ती प्रत थोरोनं पाहिलेली नाही. दुर्गा भागवतांचं 'वॉल्डनकाठी विचारविहार' जवळ ठेवाच, प्रकरणाचा सूर धरायला ते फार उपयोगी आहे. शब्दांचा पुरावा मात्र इंग्रजी मजकुरातूनच द्यायचा.

उलट दिशेच्या प्रभावालाही हीच कसोटी लावा. गांधींनी सविनय कायदेभंग थोरोकडून घेतला, असं पाठ्यपुस्तकंसुद्धा सांगतात. पुण्याच्या सर्व्हंट्स ऑफ इंडिया सोसायटीचे पी. कोदंड राव यांना सप्टेंबर १९३५ मध्ये लिहिलेल्या पत्रात गांधी हे विधान चुकीचं असल्याचं स्पष्ट सांगतात: थोरोचा निबंध हाती येण्याआधीच दक्षिण आफ्रिकेतला प्रतिकार बराच पुढे गेला होता. जोहान्सबर्गची सभा ११ सप्टेंबर १९०६ ची. 'इंडियन ओपिनियन'मध्ये थोरोचे उतारे आले १९०७ मध्ये. १९४२ मध्ये अमेरिकन मित्रांना उद्देशून लिहिताना ते थोरोला गुरू म्हणतात, पण त्या निबंधानं आपण करत होतो त्याला शास्त्रीय दुजोरा दिला, असे त्यांचे शब्द आहेत. दुजोरा आणि उगम यांत फरक आहे. निबंधाच्या नावाकडेही लक्ष द्या. १८४९ मध्ये एलिझाबेथ पीबडी यांच्या 'एस्थेटिक पेपर्स'मध्ये तो 'रेझिस्टन्स टू सिव्हिल गव्हर्न्मेंट' या नावानं छापला गेला. 'सिव्हिल डिसओबिडियन्स' हे नाव १८६६ चं, थोरोच्या मृत्यूनंतर चार वर्षांनी आलेलं. या दोन मजकुरांत फरक आहेत, तेव्हा अवतरण कुठल्या मजकुरातलं ते नोंदवा.

लिहायला बसाल तेव्हा क्रियापदं मोजूनमापून वापरा. तारीख, प्रत आणि शब्दरचना या तिन्ही गोष्टी जुळल्या तर 'घेतलं' म्हणा. तारीख आणि प्रत जुळते पण शब्द जुळत नाहीत, तर 'वाचलेलं होतं, त्याचा ठसा संभवतो'. नुसतं साम्य असेल तर 'समांतर विचार', आणि तेही प्रामाणिक काम आहे. 'प्रेरणा घेतली', 'भारावून गेला' अशी वाक्यं पुराव्याशिवाय लिहिली की परीक्षक पहिला प्रश्न तिथंच विचारतो.

एखादी जागा छापील आवृत्तीत संदिग्ध वाटली तर हस्तलिखिताची प्रतिमा मागवता येते. आधी ग्रंथालयाच्या संकेतस्थळावर पान उपलब्ध आहे का ते पाहा. नसेल तर ईमेलमध्ये हस्तलिखिताचा क्रमांक, वही, नोंदीची तारीख, छापील आवृत्तीतलं पृष्ठ आणि नेमक्या ओळी एवढं लिहा. 'थोरोची भारताविषयीची पानं पाठवा' अशा मागणीवर कुणालाच काही करता येत नाही. उत्तराला वेळ लागतो, म्हणून प्रकरण पूर्ण करायच्या दोन-तीन महिने आधी विचारा. प्रतिमा प्रबंधात छापायची असेल तर त्याची परवानगी वेगळी मागावी लागते; अभ्यासासाठी मिळालेल्या प्रतीबरोबर ती आपोआप मिळत नाही.